अर्धी लादी

“दमलीस का गं आज?”

आईने हे विचारलं तेव्हा टेबलाभोवती आठ माणसं होती आणि तिचं बोलणं माझ्याशिवाय कुणाला ऐकू गेलं नसावं. ऑगस्टमधला शनिवार होता. मुलगा आणि त्याचे पाच मित्र सिंहगड उतरून, चिंब भिजून थेट आमच्याकडे आले होते. गडावर पिठलं-भाकरी झाली होती, पण ती सकाळी अकराला. आता साडेसात वाजत आले होते, ओल्या मोज्यांचा वास दारापासून स्वयंपाकघरापर्यंत पसरला होता आणि पोरं फ्रिजच्या आसपास घुटमळत होती. घरात आदल्या दिवशी आणलेल्या दोन लाद्या होत्या. मी टोमॅटो उकडायला टाकले, साराची तयारी केली. कणीक भिजवायचा विचार मनात आला आणि तसाच विरून गेला. मग लोणी घेतलं, दहा-बारा पाकळ्या लसूण ठेचून त्यात मंद आचेवर नरम केला, मूठभर कोथिंबीर बारीक चिरली, चमचाभर कांदा-लसूण चटणी घातली आणि पाव सुटे न करता, लादी तशीच ठेवून वरून आणि फटीफटींतून ते सगळं लावलं. वर तीळ भुरभुरले. दहा मिनिटांनी ओव्हनचं दार उघडलं तेव्हा बाहेरच्या खोलीतली बडबड एकदम थांबली. सहाही जण स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभे राहिले.

दोन्ही लाद्या हातानेच तोडून संपल्या. कोपऱ्यातले पाव आधी गेले, कारण त्यांना दोन बाजूंनी कड असते आणि ती कुरकुरीत झालेली असते. “काकू, हे नुसते पाव आहेत?” असं एकाने विचारलं आणि मला खरंच छान वाटलं. आईने मात्र एकच पाव घेतला. तो दोन्ही हातांत धरून तिने आधी वरचा पापुद्रा काढून खाल्ला, मग आतला भाग साराला लावून सावकाश संपवला. अंगठ्याला लागलेलं लोणी पुसलं नाही. माझ्याकडे बघितलं आणि हळूच विचारलं, दमलीस का गं आज?

“छे गं. मुलांना आवडतात म्हणून केले,” मी म्हटलं.

म्हटलं आणि जाणवलं, हे वाक्य आपलं नाही.

भांडी आवरून आडवी झाले तरी ते डोक्यातून जाईना. आठ जणांसाठी पोळ्या लाटायच्या नव्हत्या म्हणून पाव केले हे मी कुणाला सांगितलं नव्हतं. स्वतःलाही सांगितलं नव्हतं. सगळ्यांनी वाहवा केली, फोटो काढले, तीळ-बीळ दिसत होते त्यात, आणि एका माणसाला त्या ताटात माझी दुखणारी पाठ दिसली. कशी दिसली, हे मला माहीत होतं. ज्या बाईने हा पदार्थ मला दिला तिनेच ते ओळखावं यात नवल काही नाही. मला झोप येईना ती दुसऱ्या कारणाने. मी लहानपणी जो बेत म्हणजे चंगळ समजत होते, तो तिच्यासाठी काय होता, हे इतक्या वर्षांत मी तिला कधी विचारलंच नव्हतं.

आमचं घर इचलकरंजीत. मागच्या गल्लीत माग, पुढच्या गल्लीत माग, त्यामुळे खडखडाट हीच आमची शांतता. वीज गेली आणि सगळे माग एकदम थांबले की आम्ही भावंडं दचकून उठायचो. बाबा एका सायझिंगमध्ये, म्हणजे सुताला खळ लावायच्या कारखान्यात, हिशेब बघायचे. आई जिल्हा परिषदेच्या शाळेत, दोन एसट्या बदलून जावं लागेल अशा गावात. सकाळी सहाला बाहेर पडायची ती संध्याकाळी दिवेलागणीला परत. रोजचा क्रम म्हणजे ती आली की हातपाय धुणार, परात ओढणार, आणि मागांच्या खडखडाटात भाकरी थापण्याचा वेगळा ताल सुरू होणार. पण अधूनमधून एखादा दिवस असा यायचा की ती आली तरी परातीचा आवाज येत नसे. पर्स खांद्यालाच, चपला पायातच, ती उंबऱ्याला टेकून ओट्यावर बसलेली असायची. भिंतीकडे बघत. दोन मिनिटं, पाच मिनिटं. मग पर्सच्या आतल्या कप्प्यातून सुटे पैसे काढायची आणि म्हणायची, “जा गं, अर्धी लादी घेऊन ये.”

आम्ही दोघं अक्षरशः उड्या मारायचो.

बेकरी तीन गल्ल्या पलीकडे होती. संध्याकाळची भट्टी लागलेली असायची आणि दारात उभं राहिलं की लाकडाच्या आगीची धग तोंडावर यायची, पाठीला मात्र गल्लीतला गार वारा. आतला माणूस लांब दांड्याचं फळं भट्टीत सारून पत्रे ओढायचा. लादी पत्र्यावरून उलटी पडायची, मग सुलटी व्हायची, आणि सगळी एकदम श्वास सोडल्यासारखी थोडी खाली बसायची. तेव्हा आमच्याकडे लादी बारा पावांची. मधोमध फाडली की फाटलेल्या बाजूने वाफ आणि आंबूस, किंचित गोडसर वास. लादीतले पाव एकमेकांना चिकटून भाजले जातात, म्हणून त्यांना कवच फक्त वरून आणि खालून असतं. बाजूंना नुसता पांढरा, रेशमासारखा तंतू. वर्तमानपत्रात गुंडाळलेली ती अर्धी लादी मी छातीशी धरून आणायचे आणि घर येईपर्यंत फ्रॉक गरम झालेला असायचा.

त्या सहा पावांचं आई पुढे जे करायची ते मी हजार वेळा बघितलं आहे. आजीच्या लोण्यातला लिंबाएवढा गोळा ती फोडणीच्या पळीत घालायची. त्यात ठेचलेला लसूण, मीठ, आणि बोटाच्या चिमटीत मावेल एवढी घरची कांदा-लसूण चटणी. लोणी आधी तडतडायचं, मग फेस यायचा, मग फेस बसायचा. लसणाचा कच्चा उग्रपणा गेला पण रंग अजून बदललेला नाही, अशा नेमक्या क्षणी ती पळी खाली उतरवायची आणि वरून कोथिंबीर टाकायची. पाव पोटातून उघडून तव्यावर उपडे. पळीतलं लोणी चमच्याच्या पाठीने त्यांच्या डोक्यावर फिरवायची, कडेपर्यंत, मग उलटायची आणि उरलेलं पोटात. शेवटी तव्यावर पाण्याचा एक हबका मारून ताटली झाकायची. वाफेने पाव पुन्हा मऊ आणि खालून खरपूस. दोन माझे, दोन भावाचे, एक बाबांचा आणि एक तिचा. सोबत सकाळच्या आमटीत पाणी घालून वाढवलेली आमटी.

लोणी वितळवून का लावते, घट्टच का नाही लावत, असं मी एकदा विचारलं होतं. “पातळ केलं की पुरतं,” एवढंच ती म्हणाली होती. तेव्हा मला ते पाककलेतलं काही गुपित वाटलं. एक गोळा सहा पावांच्या कडेपर्यंत पोचवायचा तर तो पातळच करावा लागतो, आणि पातळ केल्यावर ते लोणी कमी आहे हे कळू नये म्हणून त्याला लसणाचा, चटणीचा जोर द्यावा लागतो. आज मासिकांतून, व्हिडिओंतून तो पदार्थ पाहुण्यांसाठीचा म्हणून दाखवतात, वर चीज किसतात. आमच्याकडे तो टंचाईतून आला.

आजी पाव खायची नाही. “पायानं तुडवत्यात म्हणून पाव,” असं ती ठासून सांगायची, आणि पाव बाटवतो हेही. गावच्या विहिरीत पाव टाकला आणि सगळं गाव बाटलं, ही वसई-गोव्याकडची गोष्ट तिने कुठून ऐकली होती कुणास ठाऊक, पण ती सांगताना तिच्या चेहऱ्यावर खरी भीती असायची. शब्द पोर्तुगीजांच्या ‘पाँव’वरून आलाय, त्यात पाय कुठे नाही, हे मला पुढे कॉलेजात कळलं, तोवर ती गेली होती. तिला ते पटलंही नसतं. चारशे वर्षं लोकांनी एका खाण्याच्या वस्तूविषयी जी धास्ती बाळगली ती शब्दाच्या व्युत्पत्तीने थोडीच जाते. पण गंमत बघा, त्या पावावर जे लोणी लागायचं ते तिचं. दिवसाआड सकाळी ती रवी घेऊन बसायची. साईचं विरजण, गार पाणी, आणि ताकाचा आवाज जड झाला की लोणी आलं. त्यातलं बहुतेक कढवून तूप व्हायचं. आईने पावासाठी गोळा मागितला की आजी तोंड वाकडं करून द्यायची. देताना गोळा हातावर दोनदा झेलून त्यातलं ताक काढायची, म्हणजे तोही निगुतीनेच.

एका पावसाळ्यात आईला मलेरिया झाला. चांगलीच थंडी वाजून यायची, तीन गोधड्या घातल्या तरी पलंग हलायचा. त्या संध्याकाळी बाबा सायझिंगमधून आले नव्हते. चूल आजीवर. तिने आम्हा दोघांकडे बघितलं, कनवटीचे पैसे काढले आणि मला म्हणाली, “जा, आण जा तुझं त्ये.” नावसुद्धा घेतलं नाही. मी लादी आणली. आजीने ती स्वतःच्या हाताने घेतली नाही, कागदासकट तव्याजवळ ठेवायला लावली. मग चिमटा घेतला. एकेक पाव चिमट्याने उचलून तव्यावर ठेवला, चिमट्यानेच उलटला, आणि लोणी मात्र तिने पळीत वितळवलं नाही. सरळ गोळाच उलथण्याच्या टोकावर घेऊन पावावर ठेवला आणि फिरवला. एवढं लोणी मी पावावर आधी कधी पाहिलं नव्हतं आणि नंतरही नाही. ते कडेवरून ओघळून तव्यावर जळत होतं, घरभर धूर झाला होता. लसूण-बिसूण काही नाही. आम्ही खाल्लं, हनुवटीपर्यंत माखून खाल्लं. मग तिने चिमटा राखेने घासून, पाण्याने तीनदा धुऊन भिंतीला टांगला. आईने गोधडीतून विचारलं, “काय केलंत पोरांना?” आजी म्हणाली, “त्येंचं त्ये. लोणी-पाव.”

त्या चिमट्याविषयी मला पूर्वी राग यायचा. आता मला त्या ओघळणाऱ्या गोळ्याचीच आठवण जास्त येते.

पुढे नोकरीसाठी मुंबईत गेले ते १९९६ साल. महिलांच्या वसतिगृहात आठला डबा बंद व्हायचा आणि मी साडेआठला पोचायचे. त्या दिवसांत फोर्टातल्या इराण्यांनी मला जगवलं असं म्हणायला हरकत नाही. ब्रून मस्का आणि पाणी कम चाय. ब्रून म्हणजे कवच कडक, आत लुसलुशीत, कापताना टेबलभर चुरा. मस्का थंड आणि जाड, थराने लावलेला, वितळलेला मुळीच नाही. पहिल्या दिवशी मला तो नुसता गार लोण्याचा थर बघून चुकल्यासारखं वाटलं, वाटलं, भाजायचा राहिला. मग तो चहात बुडवायचा असतो आणि चहावर लोण्याचे पिवळे डोळे तरंगतात, हे शेजारच्या टेबलावरच्या म्हाताऱ्या गृहस्थांना बघून शिकले. तिथेच मला हेही उमगलं की माझ्या लहानपणी ‘बटर’ म्हणजे लोणी नव्हतंच. आमच्याकडे बटर म्हणजे बेकरीत मिळणारं ते गोल, कडक, वाळलेलं, चहात बुडवल्याशिवाय दात लागू न देणारं. पिवळ्या खारट लोण्याला आम्ही ‘अमूल’ म्हणायचो, ते कुणाच्याही डेअरीचं असलं तरी.

गोव्यात गेले तेव्हा सकाळी पोदेराच्या, म्हणजे तिथल्या पाववाल्याच्या, सायकलचा भोंगा ऐकून मी खिडकीत धावले होते. टोपलीत पोळी, उंडे, काकणां, कात्रे पाव, सगळं अजून गरम. ज्यांच्याकडे उतरलो होतो त्या घरातल्या काकूंनी एक गरम उंडो नुसताच हातात ठेवला. मी लोणी कुठे आहे हे शोधत राहिले, तर त्या म्हणाल्या, आधी तसाच खाऊन बघ. खाल्ला. तो पाव स्वतःच्या पायावर उभा होता. त्याला नटवायची गरज नव्हती, कारण तो तासाभरापूर्वीचा होता आणि दुपारी पुन्हा पोदेर येणारच होता. लोणी-लसूण लागतं ते आदल्या दिवशीच्या पावाला. आईने आणवलेली लादी ताजी असायची हे खरं, पण तिथे शिळी ती स्वतः झालेली असायची, दिवसभराच्या दोन-दोन एसट्यांनी. असो. हे मला तेव्हा सुचलं नव्हतं.

मुंबईतल्या लाकडाच्या भट्ट्यांची बातमी वाचली तेव्हाही इचलकरंजीची ती धग आठवली. जानेवारी २०२५ मध्ये उच्च न्यायालयाने लाकूड-कोळशावरच्या बेकऱ्यांना सहा महिन्यांत स्वच्छ इंधनाकडे वळायला सांगितलं. माझ्या ओळखीतले अनेक जण हळहळले, आता ती चव गेली म्हणाले. मला हळहळ वाटली आणि लगेच भट्टीपुढे उभा असलेला तो आमच्या बेकरीतला माणूस आठवला, सतत खोकणारा, डोळे लाल, भुवयांवर पीठ आणि काजळी. त्याच्या छातीत किती धूर गेला असेल. चव थोडी गेली तरी चालेल, असंच मला मनापासून वाटतं. धुराचा तो वास मला हवाहवासा वाटतो हे मात्र मी नाकारू शकत नाही.

आता माझ्या स्वयंपाकघरात जे होतं त्याविषयी थोडं सांगते, कारण या पदार्थात चुकायला जागा फार आहेत आणि मी त्या सगळ्या करून बसले आहे. फ्रिजमध्ये पाव ठेवू नये. पिष्ट गारव्यात लवकर घट्ट होतं, त्यामुळे बाहेरच्यापेक्षा फ्रिजमधला पाव आधी वातड होतो. तोच चांगला गरम केला की ते पिष्ट पुन्हा सैलावतं आणि शिळा पाव ताज्यासारखा मऊ होतो. पण हे उसनं तारुण्य, गार झालं की आधीपेक्षा कडक. म्हणून लावायचं सगळं आधी तयार ठेवायचं, माणसं बसली की भाजायचं आणि भाजलं की लगेच खायचं. आईचा पाण्याचा हबका त्यासाठीच होता.

लोण्याचंही तसंच. दुकानातल्या पिवळ्या लोण्यात निदान ८० टक्के स्निग्धांश असतो आणि मीठ आधीच असतं, त्यामुळे वरून मीठ घातलं की हमखास खारट. घरच्या पांढऱ्या लोण्यात पाणी जास्त, मीठ नाही, आणि किंचित आंबटपणा. ते तव्यावर आधी तडतडून पाणी सोडतं आणि मगच भाजायला लागतं. पण पांढऱ्या लोण्याने पावाला जो वास येतो तो पिवळ्याने येत नाही. तूप कढवल्यावर खाली जी बेरी उरते, साखर घालून आम्ही जिच्यावर भांडायचो, तोच तो वास. लोण्यातले दुधाचे कण खरपूस होतात त्याचा. आणि लसूण. कच्चा ठेचून लावला तर ओव्हनच्या दहा मिनिटांत वरचा करपतो आणि आतला कच्चाच राहतो, दुसऱ्या दिवसापर्यंत तोंडातून जात नाही. तो आधी लोण्यात मंद आचेवर नरम करून घ्यायलाच हवा. सोनेरी होईपर्यंत थांबलात तर संपलं, कारण पुढचा रंग त्याला ओव्हनमध्ये येणारच असतो. मी पहिल्यांदा घाईने मोठ्या गॅसवर केला होता. कडू झाला. आईने तोही खाल्ला, काही न बोलता.

त्या शनिवारी मी ओव्हन वापरला, दोन लाद्या अख्ख्या भाजल्या, वर तीळ घातले. आई ज्याला तव्यावरचे पाव म्हणते त्याच्याशी त्याचं दिसण्यात काही साम्य नव्हतं. तरी तिने ओळखलं.

मार्चमध्ये आई न्हाणीघरात घसरली आणि तिचं खुब्याचं हाड मोडलं. शस्त्रक्रिया नीट झाली. एकोणऐंशीव्या वर्षी ती वॉकर घेऊन चालायला लागली याचं डॉक्टरांनाही कौतुक आहे. ती माझ्याकडे आली ते कायमचीच, असं आम्ही कुणी बोललो नाही पण तिच्या साड्यांची ट्रंक भावाने इकडे आणून ठेवली तेव्हा ते ठरलं. रात्री दोनदा तिला उठावं लागतं. मी तिच्या खोलीतच खाली गादी घालते. तिच्या पलंगाची करकर झाली की मी जागी असते, ती हाक मारायच्या आधी. सकाळी व्यायाम करून घेणाऱ्या ताई येतात, मग माझं ऑफिसचं काम, मग तिचं जेवण, दुपारच्या गोळ्या. हे सगळं मी मनापासून करते. पण मार्चपासून ऑगस्टपर्यंत मी एकदाही सलग सहा तास झोपले नव्हते हेही खरंच आहे. या दोन गोष्टी एका वाक्यात तिच्यासमोर कशा बोलायच्या? दमलीस का म्हणून तिने विचारलं आणि मी हो म्हटलं असतं, तर पुढचा प्रश्न तिने विचारला नसता. रात्री दोन वाजता उठायचं असताना तिने हाक मारली नसती, एकटीच पाय खाली सोडला असता. मला तिचा स्वभाव माहीत आहे. म्हणून मुलांना आवडतात.

तिनेही आम्हाला हेच सांगितलं होतं. तुम्हाला आवडतात म्हणून आणले. आम्ही पाव आले की नाचायचो, आणि ती आमच्या नाचण्याकडे बघत चपला काढायची. तिला तेव्हा काय वाटत असेल? पोरं खूश आहेत म्हणून बरं वाटत असेल, की आपण आज भाकरी टाकू शकलो नाही याचा सल? की एकही पोर विचारत नाही, आई, तुला काय झालं? मी तेव्हा नऊ वर्षांची होते. नऊ वर्षांच्या मुलीने हे विचारायला हवं होतं असं मी म्हणणार नाही. पण एकोणतीस वर्षांच्या बाईने विचारायला हरकत नव्हती, एकोणचाळीस वर्षांच्याही नव्हती. बाळंतपणाला तिच्याकडे गेले तेव्हा मीच तिला म्हटलं होतं, आई, ते लसणीचे पाव कर ना, आणि ती नुकतीच शाळेतून आली होती.

पुढच्या आठवड्यात गुरुवारी संध्याकाळी मी दुकानातून परत येताना अर्धी लादी घेतली. पुण्यात हल्ली सहा पावांचीच लादी मिळते, म्हणजे आमच्या हिशेबाने अर्धीच. घरात आम्ही दोघीच होतो. आई वॉकर टेकवून जेवणाच्या टेबलाशी बसली होती. मी पिशवी तिच्यासमोर ठेवली आणि खुर्ची ओढून बसले. चपला काढायच्या राहिल्या होत्या.

“आज दमलेय गं मी,” मी म्हटलं. “त्या दिवशी पण दमले होते.”

ती काही म्हणाली नाही. पिशवी उघडून तिने पाव बाहेर काढले, बोटाने दाबून बघितले. मग म्हणाली, “लोणी दे इकडे. आणि पळी.” पळी मी गॅसवर ठेवली, तिच्या सांगण्याप्रमाणे. तिने बसल्या बसल्या लसूण सोलला. तिची नखं आता ठिसूळ झाली आहेत, एकेका पाकळीला वेळ लागत होता, आणि मी तो तिच्या हातातून घेतला नाही. मी विचारलं, “तू उंबऱ्यावर बसायचीस ना, पर्स घेऊन. तेव्हा काय विचार करायचीस?”

आई बराच वेळ लसूण सोलत राहिली.

“काही नाही गं,” ती म्हणाली. “माग ऐकत बसायचे. घरात शिरलं की तो आवाज भिंतीमुळे कमी होतो ना, म्हणून बाहेरच. शाळेत पोरं, एसटीत लोक, सगळे काहीतरी मागत असतात. मागाला काही नको असतं.” मग थोडं थांबून, “आणि अर्ध्या लादीचे पैसे निघतात का ते बघायचे. कधी निघायचे नाहीत. मग उठून भाकऱ्या करायचे.”

म्हणजे ज्या संध्याकाळी परातीचा आवाज आला, त्यातल्याही काही संध्याकाळी. हे माझ्या हिशेबात कधीच नव्हतं. मी ओट्याशी उभी होते, पाठ तिच्याकडे होती, आणि ती तशीच राहू दिली. पळीतल्या लोण्याला फेस यायला लागला होता. मी ठेचलेला लसूण त्यात सोडला.

“पाव इकडे दे, लावते मी,” ती म्हणाली. मी ताटात सहाही पाव उघडून तिच्यापुढे ठेवले आणि तव्याखालचा गॅस पेटवला. तिने चमचा उलटा धरून बघितला, तिच्या सवयीने, हात थोडा कापत होता.

“तिकडे लक्ष दे,” ती म्हणाली. “लसूण करपेल.”

मी आच बारीक केली.